रोटाबाहेरचा साक्षीदार

मंगळवार, ११ मार्च १९९७. वेळ सकाळी अकराची दिलेली, सुरुवात साडेअकराला.

हजर: लवाद, म्हणजे दोन्ही बाजूंनी कबूल केलेले पंच, बडोद्याकडचे निवृत्त इंजिनिअर. त्यांचा टायपिस्ट. खात्याचे वकील. खात्याचा कारकून, कागदांचे दोन गठ्ठे घेऊन. आमचे वकील. कंत्राटदार, म्हणजे माझे यजमान. आणि मी. मला तिथे बसायचा हक्क होता की नाही हे कोणी विचारलं नाही. फायली माझ्याकडे होत्या, म्हणून मी होते.

गैरहजर: खात्याचे डेप्युटी इंजिनिअर. त्यांची साक्ष पुढच्या तारखेला होती.

तारीख आणि हजेरी आधी लिहायची ही माझी जुनी सवय. स्लॅब भरायचा असो की घरचं बारसं, कोण कोण होतं ते मी त्याच दिवशी लिहून ठेवते. मोठ्या जाऊबाई म्हणतात, ही देवालाही सही करून आत घेईल. पण घरचं ऑफिस मी सांभाळत होते. सिमेंट कधी आलं, मजूर किती आले, कोणाचा फोन आला, हे ह्यांना विचारलं तर हे वर छताकडे बघत. मग मला विचारत.

वाद असा होता. सुरतेच्या लिंबायतमध्ये सरकारी दवाखान्याची इमारत बांधायचं काम ह्यांना मिळालं होतं. खात्याचं नाव इथे लिहायची गरज नाही. काम मुदतीत झालं नाही, वर्षाहून जास्त लांबलं. शेवटी इमारत उभी राहिली, बायामाणसं केसपेपरसाठी रांगा लावू लागली, आणि त्यानंतर खात्याची नोटीस आली. उशीर कंत्राटदाराच्या हलगर्जीमुळे झाला, सबब त्याचं नाव नोंदलेल्या कंत्राटदारांच्या यादीतून का काढू नये? सोबत दंडही होता. दंडाचं मला तेवढं वाटलं नाही. दंड भरून मोकळं होता येतं.

यादीचं तसं नव्हतं. हे धुळ्याकडून सुरतेला आले ते गवंड्याच्या हाताखाली घमेली उचलायला. पुढे गवंडी झाले, मुकादम झाले, मग बरीच वर्षं दुसऱ्याच्या नावावर निघालेली कामं करत राहिले. काम ह्यांचं आणि दगडावर नाव दुसऱ्याचं. स्वतःच्या नावाने टेंडर भरायला यादीत नाव लागतं, आणि ते लागेपर्यंत ह्यांच्या मिश्या पांढऱ्या व्हायला लागल्या होत्या. दवाखाना हे त्या नावावरचं पहिलं मोठं काम. नाव गेलं असतं तर परत कोणाच्या तरी मागे उभं राहायचं होतं. हे बोलून दाखवत नसत, पण नोटीस आल्यापासून साइटवर जाताना इस्त्रीचा शर्ट घालायचे बंद झाले होते.

उशिराचे दोन भाग होते. पहिला प्लेगचा. १९९४च्या सप्टेंबरात लिंबायत आणि नवागाम जवळजवळ रिकामी झाली. आमचे मजूर गावी गेले, आम्हीही गेलो. त्या भागाबद्दल खात्याची तक्रार नव्हती, कारण खात्याचे साहेबलोकही गेले होते.

दुसरा भाग पाइपाचा. परत आल्यावर पाया खोदताना मागच्या कोपऱ्यात पाण्याची जुनी मोठी लाइन लागली. नकाशात ती नव्हती आणि चालू होती. ती हलवल्याशिवाय त्या बाजूचे कॉलम उभे करता येत नव्हते. हलवायचं काम आमचं नव्हतं, खात्याच्याच दुसऱ्या शाखेचं होतं. ती शाखा आज येते, उद्या येते करत वर्षभर आली नाही.

अशा वेळी कंत्राटदाराने करायचं असतं ते एकच. पत्र लिहायचं, खात्यात नेऊन द्यायचं, आपल्या प्रतीवर शिक्का मारून आणायचा. पाइप लागला त्याच आठवड्यात मी पत्र तयार केलं. ह्यांनी सही केली नाही. पुढच्या महिन्यात पुन्हा केलं. पुन्हा नाही.

"सही करायला हात दुखतात का?" मी विचारलं.

"हात नाही दुखत. भाऊ म्हणतो, लिहू नका, मी आहे ना. मग कशाला लिहायचं?"

भाऊ म्हणजे डेप्युटी इंजिनिअर. साइटवर आम्ही त्यांना साहेब म्हणत असू, घरी ते माझे भाऊजी होते. पण नातं नव्हतं. रोट एक होता.

रोट म्हणजे काय ते खानदेशाबाहेर सांगावं लागतं. श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्याकडे कानबाई बसते. तिच्यासाठी घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने, पाळण्यातल्या पोरापासून म्हाताऱ्यापर्यंत, सव्वा मूठ गहू काढून दळतात. त्या पिठाचा नैवेद्य म्हणजे रोट. तो भाऊबंदांनीच खायचा आणि ठरल्या दिवसांच्या आत संपवायचा. बाहेरच्याला देत नाहीत, मग तो कितीही जवळचा असो. माझ्या माहेरच्यांनाही माझ्या सासरचा रोट चालत नाही. ज्यांचा रोट एक, ते भाऊ.

डेप्युटी साहेबांचं गाव वेगळं आणि आडनावही वेगळं. कधीतरी मागे दोन्ही घरं एकाच घरातून फुटली असं दोन्हीकडचे म्हातारे सांगत. नेमकं कोणापासून, ते कोणालाच सांगता येत नसे. त्यांचे वडील नवागामला कापडाच्या लूमवर कामाला होते. घरी कानबाई बसवायला कोणी बाईमाणूस उरलं नाही, तेव्हा ते आमच्या थोरल्या दिरांकडे आले आणि आमची मूठ तुमच्यात घाला म्हणाले. दिरांनी घातली. ही गोष्ट डेप्युटी साहेब कॉलेजात होते तेव्हाची. तेव्हा ना ते साहेब होते, ना आमचं नाव कुठल्या यादीत होतं. पुढे दवाखान्याचं काम निघालं आणि त्यांचीच त्यावर नेमणूक झाली, हा योगायोग. टेंडर वेगळ्याच ऑफिसात उघडलं होतं.

सहीवरून आमचं चाललेलं जाऊबाईंनी ऐकलं. त्या गहू निवडत बसल्या होत्या.

"भाऊले नोटीस कोन देस वो?" त्या मला म्हणाल्या.

"नोटीस नाही, पत्र आहे."

"त्यावर शिक्का मारतस ना? मंग ती नोटीसच शे."

ह्यांना तेवढंच हवं होतं. पत्रं सहीशिवाय फायलीत राहिली. लाइन हलली ती पुढच्या हिवाळ्यात.

आमचे वकील गुजराती, चटपटीत, बोलताना पेनाचं टोपण काढत-घालत. पहिल्या भेटीत त्यांनी सगळी फाइल उलटसुलट बघितली.

"शेठ, कागळ क्यां छे? पाइपासाठी एकही पत्र नाही?"

"तोंडी सांगितलं होतं."

"कोणाला?"

"डेप्युटी साहेबांना."

"ते कबूल करतील?"

"विचारलं तर करतील."

"आणि नाही विचारलं तर?"

"तर कशाला करतील? त्यांना काय वेड लागलंय?"

वकील माझ्याकडे बघून म्हणाले, "बेन, मी केस लढतोय की पाहुण्यांची बैठक लावतोय?" मग त्यांनी नीट समजावलं. आमच्या बाजूने बोलायला जगात एकच माणूस होता, आणि तो खात्याचा साक्षीदार होता. त्याने 'हो, मला सांगितलं होतं' म्हटलं तर आमचं नाव वाचणार होतं आणि त्याच्या नोकरीवर येणार होतं. कळलं होतं तर वर का कळवलं नाही, असं खातं त्यालाच विचारणार. मी वकिलांना रोटाचंही सांगितलं. लपवून उपयोग नव्हता.

"हे नातं आहे?"

"कागदावर नाही."

"मग नाहीच. कायद्यात रक्ताचं चालतं, लग्नाचं चालतं, भागीदारीचं चालतं. रोट-बोट चालत नाही. शेठ, तुम्हाला विचारतील, डेप्युटी तुमचे नातेवाईक आहेत का? काय सांगाल?"

"नाहीत."

"बस. 'नाहीत.' त्यानंतर तोंड बंद. पाणी प्या."

हे सगळं झाल्यावर ११ मार्चची तारीख आली. तिथलं बोलणं हिंदी-गुजरातीत झालं, मी मराठीत लिहिते आहे. खात्याच्या वकिलांनी सुरुवातीला बरंच इकडचं तिकडचं विचारलं. मजूर किती होते? सणाला गावी जातात का? आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, जातात, तेव्हा काम बंद असतं का? हे शांतपणे उत्तरं देत होते. मी फायलीतून कागद काढून वकिलांपुढे सरकवत होते. मग तो प्रश्न आला.

"डेप्युटी इंजिनिअर तुमचे नातेवाईक आहेत?"

"नाहीत."

आमच्या वकिलांनी पेनाला टोपण लावलं. ह्यांनी समोरचा पाण्याचा ग्लास उचलला, तोंडापर्यंत नेला आणि परत ठेवला.

"नातेवाईक नाहीत. पण रोट एक आहे."

टायपिस्ट थांबला. लवादांनी चष्म्यावरून पाहिलं. "काय एक आहे?"

"रोट, साहेब."

मग हे उभे राहिले आणि त्यांनी कानबाई, गहू, सव्वा मूठ, सगळं सांगितलं. साइटवर कामगाराला सळई कशी बांधायची ते समजावतात तसं, दोन्ही हातांनी. लवाद जन्मभर इंजिनिअर होते. त्यांना गोष्ट अर्धी कळलेली आवडत नसावी.

"मुलगा परगावी असला तर?"

"त्याच्या नावाची मूठ निघते, साहेब."

"आणि मुलगी?"

"लग्न होईपर्यंत ती रोट खाते. पण मूठ पुरुषांची."

"मी त्या दिवशी तुमच्या घरी आलो, तर मला मिळेल?"

"जेवण मिळेल, साहेब. पोटभर. रोट नाही मिळणार."

टायपिस्ट हसला. लवादही हसले. खात्याचे वकील मात्र खुर्चीत पुढे सरकले. "म्हणजे लवाद साहेबांना नाही, मला नाही. डेप्युटींना मिळतो?"

"हो."

"म्हणजे ते तुमच्या घरचे."

"रोटापुरते घरचे."

"लिहून घ्या," खात्याचे वकील म्हणाले. टायपिस्टने लिहून घेतलं.

दुपारी बाहेर चहाच्या गाडीपाशी आमच्या वकिलांनी ग्लास हातात घेतला, पण प्यायले नाहीत. "शेठ, तुम्ही माझ्या हातातला एकमेव साक्षीदार वाया घालवलात. आता त्याने 'हो' म्हटलं तरी भाऊ भावासाठी बोलला असं होणार. मी सांगितलं होतं, पाणी प्या. पाणी पण नाही प्यायलात!"

"खोटं कसं बोलायचं?"

"खोटं नव्हतं ते," मी म्हटलं. "विचारलं त्याचं उत्तर 'नाहीत' एवढंच होतं."

"अर्धं होतं," हे म्हणाले. "अर्ध्यावर सही केली असती, तर श्रावणात त्याच्या शेजारी ताटावर कसा बसलो असतो?"

वकिलांनी माझ्याकडे पाहिलं. मी फायली पिशवीत भरल्या आणि रिक्षा थांबवली. जाऊबाईंना घडलं ते सांगितलं, तर त्या म्हणाल्या, "खरं बोलना ना? मंग काय व्हयनं?" खरं बोलला ना, मग काय झालं. काय झालं ते त्यांना समजावत बसायला मला वेळ नव्हता.

डेप्युटी साहेबांच्या साक्षीच्या आदल्या संध्याकाळी वकिलांचा फोन आला. पाइपाचा प्रश्न विचारायचा की नाही, असं त्यांना विचारायचं होतं. विचारला आणि 'हो' आलं, तर वजन कमी. 'नाही' आलं, तर खेळ खलास. न विचारला तर निदान मोघम राहील. हे साइटवर होते. मी म्हटलं, विचारा. मोघमात नाव वाचत नाही, हे मला दिसत होतं.

त्या दिवशीची हजेरी मागच्यासारखीच, फक्त कारकून बदललेला आणि डेप्युटी साहेब हजर. ते आले तेव्हा ह्यांच्याकडे बघितलं नाही, आणि ह्यांनीही मान वर केली नाही. इतर वेळी एकमेकांना दिसले की दोघंही आधी हात वर करत.

आमच्या वकिलांनी विचारलं, "मागच्या कोपऱ्यातल्या पाइपामुळे काम अडलंय, असं कंत्राटदाराने तुम्हाला सांगितलं होतं?"

"सांगितलं होतं. बऱ्याच वेळा."

"लेखी का नाही दिलं?"

"ते देणार होते. मीच नको म्हटलं."

खात्याचे वकील उठले. आपलाच साक्षीदार असा उलटा बोलेल याची त्यांना कल्पना नव्हती असं नाही, पण एवढं सरळ बोलेल असं वाटलं नसावं. "भावाला वाचवताय?"

डेप्युटी साहेब म्हणाले, "वाचवायचं असतं तर पत्र आलं होतं आणि माझ्याकडून गहाळ झालं, असं म्हणालो असतो. पत्र आलंच नाही. मीच येऊ दिलं नाही."

लवादांनी आणखी एक प्रश्न विचारला. नको का म्हटलं? डेप्युटी साहेब म्हणाले, "मला वाटलं, महिन्याभरात लाइन हलेल." एवढंच. ते साक्ष संपवून जिन्याने खाली गेले. आम्ही मागून उतरलो तोवर त्यांची स्कूटर निघाली होती.

निकाल यायला हिवाळा उजाडला. वकिलांनी तो मला वाचून दाखवला, ह्यांनी ऐकला. पाइपामुळे झालेला उशीर कंत्राटदाराच्या माथी मारता येत नाही, असं त्यात होतं. साक्षीदाराशी असलेली जवळीक कंत्राटदाराने स्वतःहून सांगितली, आणि साक्षीदार जे बोलला त्यात त्याचाच तोटा आहे, म्हणून त्याच्या बोलण्यावर विश्वास ठेवायला हरकत नाही, असं लवादांनी लिहिलं होतं. यादीतून नाव काढायची नोटीस रद्द. वकील म्हणाले, "शेठ, तुमच्या रोटाने वाचवलं." पुढच्या पक्षकारालाही ते आता पाणी प्यायला सांगतील की नाही, कोण जाणे. हे त्या दिवशी घरी आले, आंघोळ केली आणि झोपून गेले. दुसऱ्या दिवशी इस्त्रीचा शर्ट मागितला.

माझ्या मनात ते काम तिथे संपलं होतं. फाइल बांधून मी माळ्यावर टाकली.

डेप्युटी साहेबांना खात्याचं आरोपपत्र मिळालं ते पुढच्या उन्हाळ्यात. निकालातलंच वाक्य त्यात होतं. काम अडल्याचं माहीत असून वरिष्ठांना कळवलं नाही, कंत्राटदाराला लेखी देऊ दिलं नाही, कंत्राटदाराशी घरोबा आहे. बढती थांबली आणि चौकशी बसली. हे आम्हाला त्यांनी सांगितलं नाही. नवागामहून येणाऱ्या एका मजुराकडून कळलं. ह्यांना मी त्याच वेळी म्हटलं, आपण जाऊन बसू त्यांच्याकडे. हे म्हणाले, "काय बोलू जाऊन? माझ्यासाठी खरं बोललास, बरं झालं?"

श्रावणात ते आले. दरवर्षीसारखे, रविवारी संध्याकाळी, बायको-मुलांना घेऊन. त्यांच्या नावाची मूठ जाऊबाईंनी काढलीच होती. काढायची का, असं कोणी विचारलंही नव्हतं. रात्रभर गाणी झाली, सकाळी कानबाईला निरोप दिला, सगळे जेवायला बसले. कोणीतरी लहानशा आवाजात चौकशीचं काढलं, तशी जाऊबाई वाढता वाढता म्हणाल्या, "खातं बाहेर ठेवा. आठे रोट खातस." आठे म्हणजे इथे. दोघं भाऊ खाली बघून जेवले.

जेवणं झाल्यावर डेप्युटी साहेब हात धुवायला मागे आले. मी भांडी काढत होते.

"वहिनी, तुम्ही हजेरी ठेवता ना सगळ्याची?"

"ठेवते की."

"मोठे साहेब पाइप बघायला आले होते, तेव्हा तिथे कोण कोण होतं, सांगाल?"

मोठे साहेब म्हणजे त्यांचे वरिष्ठ. आणि मला एकदम तो दिवस आठवला. आमच्या केसच्या वेळी तो मला सुचलाच नव्हता. लाइन लागली त्याच आठवड्यातला. मोठे साहेब जीपमधून आले, खड्ड्याच्या कडेला उभे राहिले. डेप्युटी साहेबांनी सगळ्यांदेखत त्यांना सांगितलं, ही हलल्याशिवाय काम पुढे जात नाही, कंत्राटदार लेखी द्यायचं म्हणतोय. मोठे साहेब म्हणाले, "लिखित में मत लेना. लिहिलं की वर जातं, मग आपल्यालाच उत्तरं द्यावी लागतात. महिन्याभरात हलवून देतो." डेप्युटी साहेब लवादांसमोर जे बोलले होते, त्यातला महिना हा होता. तो मोठ्या साहेबांचा होता. ते त्यांचं नाव तिथे बोलले नव्हते.

"तिथे का नाही सांगितलंत, भाऊजी?"

"तिथे तुमचं चाललं होतं. माझं नव्हतं." हात पुसत ते म्हणाले. "आता माझं चाललंय. मोठे साहेब म्हणतात, मी असं काही बोललोच नाही. ऐकणारा माणूस आणून दाखव."

मी सांगू लागले. मोठे साहेब. त्यांचा जीपवाला. डेप्युटी साहेब. हे. मी, मजुरांची हजेरी घ्यायला गेलेली. मुकादम, म्हणजे ह्यांचा चुलतभाऊ. वॉचमन, भाऊबंद. सेंटरिंगवाले दोघं, ह्यांच्याच पुतण्यांपैकी. माती काढणाऱ्या बाया, ह्याच सगळ्यांच्या बायका. बोलता बोलता मी हळू झाले. गावाकडच्या, घरच्या माणसांना काम दिलं, परक्याला घेतलं नाही, याचं आम्हाला कौतुक होतं. त्या खड्ड्याभोवती उभा असलेला जवळजवळ प्रत्येक जण आमचाच रोट खाणारा होता. आणि रोट खाणारे म्हणजे घरचे, हे तर ह्यांनी स्वतः उभं राहून लिहून दिलेलं होतं. खात्याने तो कागद चौकशीच्या फायलीत आधीच लावला होता.

"जीपवाला?" मी विचारलं.

"त्याला काही आठवत नाही म्हणतो."

"मग एकच राहतो," मी म्हटलं. "टँकरवाला."

टँकरवाला उत्तरेकडचा होता. काँक्रीटवर मारायला पाणी आणायचा. त्या दिवशी पाइप उघडा पडलेला बघून तो खड्ड्यापाशी आला होता आणि मोठ्या साहेबांना म्हणाला होता, "साहब, पानी तो इधर पाँव के नीचे बह रहा है, और मैं उधर से ढो के ला रहा हूँ!" मोठे साहेब हसले होते, आणि हसता हसताच ते लिखितचं बोलले होते. तो अगदी शेजारी होता. त्याचं नाव आम्हाला माहीत नव्हतं. भैया म्हणत असू.

"त्याला आणता येईल का, वहिनी? मी शोधत फिरलो तर साक्षीदार फितवतो म्हणतील."

मी हो म्हटलं. हे काम करण्यासारखं होतं. बाकी कोणी काही करू शकत नव्हतं. ह्यांना सांगितलं, तर हे लगेच उठून निघाले. मी बसवलं. ह्यांनी जाणं म्हणजे भावानेच साक्षीदार आणणं. निदान मी नुसतं शोधून पत्ता द्यावा, पुढे डेप्युटी साहेबांच्या वकिलाने बोलवावं, असं ठरलं.

टँकरच्या मालकाला गाठलं. त्याने टँकर विकला होता. भैया इच्छापोरला गेलाय, तिथल्या कुठल्यातरी कारखान्याला पाणी पुरवतो, एवढं तो सांगू शकला. इच्छापोर म्हणजे हजिऱ्याच्या रस्त्यावर, कारखान्यांच्या भिंतीच भिंती. मी एकदा रिक्षा करून गेले. फाटकाफाटकावर उतरून विचारलं. "कौन सा भैया, बेन? यहाँ सब भैया हैं," एक वॉचमन म्हणाला, आणि शेजारचे हसले. मी त्याला वर्णन सांगितलं. उंच, डाव्या हाताला गोंदलेलं, बोलताना जोक करतो. "जोक करता है?" तो विचारात पडला. मग म्हणाला, तसा एक पावसाळ्यात इथे होता, आता मागच्या बाजूच्या फाटकावर टँकर लावतो. सकाळी लवकर येतो, नऊच्या आत निघून जातो. मी पोहोचले तेव्हा दुपार होती.

त्यानंतर नवीन काम सुरू झालं, यादीतल्या नावावरचं. मग ह्यांचं डोळ्याचं ऑपरेशन. मग जाऊबाई पडल्या. चौकशीच्या तारखा पडत राहिल्या आणि पुढे ढकलल्या जात राहिल्या, तसं मलाही वाटत राहिलं की अजून वेळ आहे. डेप्युटी साहेब मधल्या श्रावणात आले, जेवले, मला काही विचारलं नाही. मी आपणहून सांगितलं, पत्ता जवळजवळ लागलाय. ते म्हणाले, "बघा, वहिनी, सवडीने."

आता तारीख दिवाळीनंतरची आहे आणि ती शेवटची, असं त्यांच्या वकिलाला सांगण्यात आलंय. इच्छापोरच्या त्या मागच्या फाटकावर सकाळी नऊच्या आत पोचायचं, तर लिंबायतहून सातला निघावं लागेल. रिक्षावाल्याशी बोलून ठेवलं आहे. अजून गेलेले नाही.